फास्टर फेणेचे काळोखातील रूप

भा. रा. भागवत (१९१०–२००१) यांचा बनेश ऊर्फ फास्टर फेणे म्हणजे फुरसुंगीचा किरकोळ अंगाचा, सायकलवर भरधाव हिंडणारा, ‘ट्टॉक’ करणारा शाळकरी पोर. त्याच्यावर संकटे येतात नि टळतात. वाचक निर्धास्त असतो. २०१७ साली प्रदर्शित झालेल्या, आदित्य सरपोतदार दिग्दर्शित चित्रपटात मात्र हाच फेणे (अमेय वाघ) तरुण होऊन वैद्यकीय प्रवेशपरीक्षेसाठी पुण्यास येतो. तेथे भेटलेल्या एका मुलाचा मृत्यू आत्महत्या ठरविला जातो. फेण्यास ते पटत नाही, आणि शोध घेता घेता परीक्षेचाच मांडलेला बाजार उघडकीस येतो.

येथे ध्यानी घ्यावयाचे ते हे की, नायकाचा स्वभाव पालटलेला नाही. पालटले आहे ते भोवतालचे जग. चौकसपणा तोच, परंतु आता तो जिवावर बेततो. अमेरिकन गुन्हेपटांनी १९४० नंतर रूढ केलेली काळोखी शैली म्हणजे केवळ सावल्या व पाऊस नव्हे. व्यवस्थाच विकली गेल्याची जाणीव हा तिचा गाभा होय. सोलापूरहून परीक्षेसाठी पुण्याची वाट धरणाऱ्या मुलांच्या पालकांस ही भीती परकी वाटू नये. दिलीप प्रभावळकर यांनी प्रत्यक्ष ‘भागवत’ रंगविले आहेत, एवढाच काय तो जुन्या वाचकास दिलासा. हसू मात्र बरेच मावळले आहे, आणि आमच्या मते ही किंमत थोडी अधिकच झाली.