लपण्याआधी बंद झालेली दारं

हिटलरच्या काळातल्या ज्यूंचा विषय निघाला की आपल्याकडे एक प्रश्न हमखास येतो : ही माणसं वेळीच पळून का गेली नाहीत? खरं तर 1933 नंतर जर्मनीतल्या निम्म्याहून अधिक ज्यूंनी देश सोडला. अनेकांवर लपायची वेळ आली ती पुढची दारं बंद झाली म्हणून. अ‍ॅन फ्रँकचं कुटुंब घ्या. त्यांनी जर्मनी सोडून अ‍ॅम्स्टरडॅम गाठलं, पण 1940 मध्ये नाझी तिथेही आले. वडील ओटो यांनी 1941 मध्ये अमेरिकेच्या व्हिसासाठी केलेली खटपट वाया गेली. अखेर 6 जुलै 1942 ला सगळे ओटोंच्या कचेरीमागच्या खोल्यांत शिरले. पुढे तिथे आठ जण झाले. खाली गोदामात कामगार असेपर्यंत नळ सोडायचा नाही, संडासात पाणी ओतायचं नाही, बूट घालून चालायचं नाही. भाजीपाला आणायचा तो कचेरीतल्या मीप गीस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी, जीव मुठीत धरून. घर कितीही शिस्तीचं असो, बाहेरचं माणूस पाठीशी नसेल तर लपणं चार दिवसही निभलं नसतं. 4 ऑगस्ट 1944 ला ते पकडले गेले. आठांतले एकटे ओटो वाचले.

कोणी म्हणेल, काही जण मुंबईला पोचलेच ना? पोचले. संगीतकार वॉल्टर कॉफमन 1934 मध्ये आले. आकाशवाणीची ओळखधून त्यांच्याच नावावर आहे. त्याच वर्षी मुंबईत ज्यू रिलीफ असोसिएशन स्थापन झाली. कोकणातले बेने इस्रायल ज्यू तर शतकानुशतकं उघडपणे आपला धर्म पाळत आले होते. पण येऊ द्यायचं की नाही, हे ठरवणार इंग्रज सरकार, आणि त्याला निर्वासिताच्या पोटापाण्याची हमी देणारा जामीन लागे. असा जामीन प्रत्येकाने कुठून आणायचा? शिवाय 1939 मध्ये युद्ध पेटताच, हिटलरपासून पळून आलेल्या ज्यूंनाही शत्रूदेशाचे नागरिक ठरवून नगरच्या छावणीत डांबलं गेलं.

गरीब, पारतंत्र्यातल्या देशाने आणखी किती जणांना पोसायचं, हा आक्षेप मी हलका मानत नाही. पण 1943 मध्ये, बंगालात दुष्काळाने माणसं मरत असताना, कोल्हापूरजवळ वळिवड्याला सुमारे 5,000 पोलिश निर्वासितांची वसाहत उभी राहिली. त्यांत बहुतेक कॅथलिक बायका-मुलं होती आणि 1948 पर्यंत ती वसाहत चालली. खर्चाचा भार लंडनमधलं पोलंडचं परागंदा सरकार उचलत होतं, हे खरं. पण ज्यूंसाठीही मुंबईची संस्था जामीन राहत होतीच. तेव्हा जागा नव्हती, ही सबब टिकत नाही. इच्छा नव्हती.