डॅनबरीतल्या लीलाबाई

न्यू जर्सीहून बॉस्टनला गाडीने जाणारे आपल्यातले बरेच जण इंटरस्टेट ८४ धरतात. कनेक्टिकटमध्ये शिरलं की पहिलं मोठं गाव लागतं डॅनबरी. एकेकाळी इथे टोप्यांचे कारखाने होते, म्हणून 'हॅट सिटी' हे नाव अजून टिकून आहे. आपण थांबतो ते गॅस भरायला नाहीतर कॉफी घ्यायला. याच गावातल्या एका नर्सिंग होममध्ये १४ जुलै २००३ रोजी लीला चिटणीस गेल्या.

माझ्या वयाच्या मित्रांना हे नाव सांगितलं की चेहरे कोरे राहतात. मग 'आवारा'मधली राज कपूरची आई म्हटलं की ओळख पटते. 'शहीद'मध्ये दिलीपकुमारची आई, 'गाइड'मध्ये देव आनंदची. ओळख खरी आहे, पण बाईंवर अन्याय करणारी आहे.

धारवाडला जन्मलेल्या लीलाबाई नगरकरांच्या घरातल्या. वडील इंग्रजीचे प्राध्यापक. कमी वयात लग्न झालं, पुढे संसार मोडला आणि मुलांची जबाबदारी अंगावर आली. पदवीधर बाईने पोटासाठी तोंडाला रंग लावायचा, ही तीसच्या दशकात साधी गोष्ट नव्हती. शाळेत शिकवणं, 'नाट्यमन्वंतर'च्या नाटकांत कामं, मग सिनेमा असा प्रवास झाला. १९३६ साली मास्टर विनायकांच्या 'छाया'त त्या होत्या, कथा वि. स. खांडेकरांची. १९३९ साली बॉम्बे टॉकीजचा 'कंगन' आला आणि अशोककुमारबरोबरची जोडी जमली. पाठोपाठ 'बंधन', 'झूला'. १९४१ साली लक्स साबणाच्या जाहिरातीत झळकलेली पहिली भारतीय तारका ती हीच.

'झूला' १९४१चा आणि 'शहीद' १९४८चा. म्हणजे सात वर्षांत नायिकेची आई झाली! १९५१ साली अशोककुमार 'अफसाना'त नायक होते, तेही दुहेरी भूमिकेत. आणि त्यांची एकेकाळची नायिका त्याच वर्षी 'आवारा'त तरुण मुलाची आई. हिशेब सरळ आहे आणि तो आजही फारसा बदललेला नाही.

मला जास्त कुतूहल आहे ते कॅमेऱ्यामागच्या लीलाबाईंचं. 'किसी से ना कहना' (१९४२) त्यांनी निर्माण केला, 'आज की बात' (१९५५) दिग्दर्शित केला. सॉमरसेट मॉमच्या 'द सेक्रेड फ्लेम'चं रूपांतर करून ते रंगमंचावर बसवलं. हे सिनेमे गाजले नाहीत, ठीक आहे. पण त्या काळात दिग्दर्शक म्हणून बाईचं नाव पडद्यावर येणं, याची नोंद आपण ठेवायला हवी होती. आपण ठेवला तो पदराने डोळे पुसण्याचा प्रसंग. नशीब, की त्यांनी स्वतः 'चंदेरी दुनियेत' हे आत्मचरित्र लिहिलं.

ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस त्या मुलांजवळ अमेरिकेत आल्या. इथे मात्र ही गोष्ट सिनेमाची राहत नाही, तुमच्या-माझ्या घरातली होते. आमच्याकडे आईबाबांच्या ग्रीन कार्डाचा विषय दोन वर्षं अधूनमधून निघतोय. मी फॉर्मचं बोलतो, बाबा थंडीचं. सहा महिने येऊन जाणं वेगळं आणि कायमचं येणं वेगळं, हे तिघांनाही कळतं; बोलत कुणी नाही.

गेल्या रविवारी व्हिडिओ कॉलवर आईला लीलाबाईंबद्दल सांगितलं आणि दादरला 'चंदेरी दुनियेत'ची जुनी प्रत मिळते का बघ म्हटलं. 'कंगन', लक्स, दिग्दर्शन, सगळं तिने ऐकून घेतलं. मग म्हणाली, "पुस्तक बघते रे. पण त्या नर्सिंग होममध्ये तिच्याशी मराठी बोलायला कुणी होतं का?"

बाबा मागून म्हणाले, "आणि जेवायला काय देत असतील?"

त्या दिवशी फॉर्मचा विषय मी काढला नाही.