तरंगते रान

मुलांनो, रान म्हटले की जमिनीत मुळे रोवून उभे असलेले वृक्ष आपल्या डोळ्यांपुढे येतात. परंतु ज्याला मुळेच नाहीत आणि जे लाटांबरोबर दूरदूरचा प्रवास करते, असेही एक रान या पृथ्वीवर आहे. अटलांटिक महासागरात तरंगणाऱ्या सरगॅसम नावाच्या सोनेरी-तपकिरी शैवालाचे ते रान होय.

सरगॅसमच्या काही जाती आपल्या कोकणच्या किनाऱ्यावरही आढळतात. पण त्या खडकाला घट्ट धरून वाढतात. अटलांटिकमधील दोन जातींची रीत निराळी. त्यांच्या फांद्यांना हवेने भरलेल्या, वाटाण्यासारख्या गोल पिशव्या असतात. त्यांच्या आधारे हे शैवाल जन्मभर पाण्यावर तरंगत राहते. १४९२ साली कोलंबसाची जहाजे त्याच्या पसाऱ्यातून गेली होती. तो भाग आज सरगॅसो समुद्र म्हणून ओळखला जातो. भर समुद्रात हे शैवाल म्हणजे जणू एक धर्मशाळाच! लहान मासे, खेकडे, कोळंबी आणि कासवांची पिल्ले तेथे आसरा घेतात.

मात्र २०११ सालापासून या रानाने नवे रूप धारण केले. कॅरिबियन बेटांच्या आणि मेक्सिकोच्या शुभ्र वाळूवर त्याचे ढीगच्या ढीग येऊन पडू लागले. २०१८ साली तर आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यापासून मेक्सिकोच्या आखातापर्यंत त्याचा सुमारे ८,८५० किलोमीटर लांबीचा पट्टा उपग्रहांना दिसला. त्याचे वजन दोन कोटी टनांहून अधिक होते. वारे व प्रवाह यांनी हे शैवाल नव्या भागात नेले, आणि खोल पाण्यातून व नद्यांतून येणाऱ्या पोषक द्रव्यांवर ते तेथे फोफावले, असे शास्त्रज्ञ सांगतात.

किनाऱ्यावर पडलेले शैवाल दोन-तीन दिवसांत कुजू लागते. त्यातून हायड्रोजन सल्फाइड हा वायू निघतो आणि सडक्या अंड्यांसारखी दुर्गंधी पसरते. डोळे चुरचुरतात, डोके दुखते. दम्याच्या रोग्यांना तर श्वास घेणेही कठीण होते. किनाऱ्यालगतचे पाणी काळवंडते, प्राणवायू कमी पडून मासे मरतात. कोळ्यांच्या नावा अडकतात. प्रवासी पाठ फिरवतात आणि त्यांच्यावर पोट भरणाऱ्या गरिबांची चूल थंडावते.

मग यंत्रे लावून सारे ढीग एकदम का उचलू नयेत? कारण अवजड यंत्रांबरोबर वाळूही निघून जाते, आणि वाळूत पुरलेली कासवांची अंडी चिरडली जातात. म्हणून अनेक ठिकाणी माणसे दाताळे घेऊन हाताने सफाई करतात, तर कोठे समुद्रातच तरंगते अडसर बांधून शैवाल अडवतात. मेक्सिकोत त्यापासून घरबांधणीच्या विटाही केल्या जातात. खत करताना मात्र सावधगिरी हवी. कारण या शैवालात आर्सेनिक हे विषारी द्रव्य साठते.

भर समुद्रात ज्या शैवालाने कासवाच्या पिल्लाला आसरा द्यावा, त्याचेच ढीग किनाऱ्यावर त्या पिल्लाची समुद्राकडे जाणारी वाट अडवतात. ‘अति तेथे माती’ ही म्हण केवळ माणसांनाच लागू पडते असे नाही. निसर्गातील प्रत्येक वस्तूला तिचे स्थान आहे आणि प्रमाणही आहे. ते ओळखून वागणे, यातच आपले शहाणपण आहे.