वाळूत अडकलेला बचत गटाचा ट्रॅक्टर

मागच्या उन्हाळ्यात गोदाकाठच्या एका गावातून तीन भगिनी माझ्याकडे आल्या. जयभीम झाला, पाणी झाले आणि एकीने पिशवीतून ट्रॅक्टरचे आर. सी. बुक काढून पुढे ठेवले.

समाजकल्याणच्या योजनेतून त्यांच्या बचत गटाला मिनी ट्रॅक्टर मिळाला होता. साडेतीन लाखांवर ९० टक्के अनुदान, गटाचा वाटा ३५ हजार. तो त्यांनी ऊसतोडीच्या उचलीतून आणि रोजंदारीतून जमवलेला. गावातल्या एकाने शेणखत वाहायचे सांगून ट्रॅक्टर दोन दिवस भाड्याने नेला आणि रात्री नदीत घातला. पहाटे महसूलच्या पथकाने पकडला. भाड्याने नेणारा पसार. ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात आणि कागदावर नाव गटाचे!

"भाऊ, एक जण म्हणतो वीस हजार द्या, उद्या गाडी दारात. द्यावेत का?"

"ताई, त्याला एक रुपयाही देऊ नका. आधी कायदा पाहू."

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चे कलम ४८ हे यातले मुख्य कलम. विनापरवाना वाळू वाहणारी गाडी जिल्हाधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेला, तहसीलदारापेक्षा खालच्या दर्जाचा नसलेला अधिकारी जप्त करू शकतो. वाळूवर बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड बसतो. जप्तीपासून ४८ तासांत गाडीचे प्रकरण उपजिल्हाधिकारी किंवा त्यावरच्या अधिकाऱ्यापुढे, म्हणजे बहुधा प्रांतांकडे, जायला हवे. गाडी सोडण्याचा आदेश तेथूनच होतो. त्यासाठी दंड भरावा लागतो आणि गाडी पुन्हा अशा कामाला लावणार नाही, असे बंधपत्र द्यावे लागते. जानेवारी २०१८ च्या अधिसूचनेने ट्रॅक्टर-ट्रॉलीसाठी १ लाख आणि डंपरसाठी २ लाख दंड ठरवला. वाळूचा दंड त्याहून वेगळा.

म्हणून पहिले काम पंचनाम्याची नक्कल मिळवणे. त्यात ब्रास किती लिहिले ते पाहा, कारण वाळूचा दंड त्यावर ठरतो. नोटीस आली की तोंडी विनवण्या करत बसू नका. लेखी खुलासा द्या, पोच घ्या. सोबत आर. सी. बुक, विमा आणि गटाचा ठराव जोडा. पैसे चलनानेच भरा. प्रांतांचा आदेश चुकीचा वाटला तर ६० दिवसांत अपील करता येते.

पोलिसांत चोरीचा गुन्हा नोंदला असेल तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडेही अर्ज करावा लागतो. १ जुलै २०२४ पासून तो भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ किंवा ५०३ खाली होतो. जप्त गाड्या ठाण्यात सडत ठेवू नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली सुंदरभाई देसाई प्रकरणात सांगितले आहे. वकिलाला पैसे नाहीत म्हणून घरी बसू नका. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने अनुसूचित जातीच्या व्यक्तीला आणि कोणत्याही स्त्रीला मोफत वकील मिळतो. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समितीकडे चौकशी करा.

त्या भगिनींनी व्याजाने पैसे काढले, दंड भरला, बंधपत्र दिले. दोन महिन्यांनी ट्रॅक्टर सुटला. पण ३५ हजारांचा वाटा जमवायला ज्यांना तीन वर्षे लागली, त्यांच्या डोक्यावर लाखाच्या वर कर्ज बसले.

बांधवांनो, गाडी सोडवण्याचा कायदा माहीत असावा, पण ती वेळच येऊ नये. फेब्रुवारी २०२२ मध्ये आपल्याच जिल्ह्यात, गेवराई तालुक्यातील शहाजानपूर चकला येथे, सिंदफणेतल्या वाळूच्या खड्ड्यात चार मुले बुडून गेली. न दिलेले घेऊ नये, हे दुसरे शील आपण विहारात रोज म्हणतो. नदी सर्वांची आहे. रात्रीच्या खेपेला हजार-पाचशे मिळतात म्हणून आपला पोरगा स्टेअरिंगवर बसतो आणि धाड पडली की मालक नव्हे, तोच सापडतो.

घरकुलाला वाळू हवी असेल तर ती हक्काने मागा. एप्रिल २०२५ च्या वाळू धोरणात घरकुल लाभार्थींना ५ ब्रासपर्यंत मोफत वाळूची तरतूद आहे. रमाई आवासच्या लाभार्थींनी तहसीलला लेखी अर्ज करावा.

त्या गटाने आता ठराव केला आहे : भाडे कागदावर ठरेल, चालक गटाचाच असेल आणि दिवस मावळला की ट्रॅक्टर समाजमंदिरासमोर उभा राहील. आपल्या गटानेही पुढच्या बैठकीत हा ठराव करावा.

जयभीम!