चिकन मसाला, पण कोंबडी जिवंत असताना!

लवंग, दालचिनी, मिरं, लसूण यांची आणि कोंबडीची गाठ पडते ती थेट पातेल्यात, असा आपला समज. पोल्ट्रीवाले मात्र हल्ली हा मसाला पिल्लांना पहिल्या आठवड्यापासूनच चारतात. पूड नव्हे, त्यातलं सुगंधी तेल. तेही टनभर खाद्याला शे-दोनशे ग्रॅम. 40-45 ग्रॅमचं पिल्लू पाच-सहा आठवड्यांत दोन किलोच्या पुढे जातं आणि या प्रवासातला निम्म्याहून कितीतरी जास्त खर्च खाद्यावरच होतो. तेव्हा खाल्लेलं अंगी लागावं म्हणून शोधलेली ही फोडणी आहे.

लवंगी मिरचीही गोड मानून घ्या!

नंदुरबारच्या मिरची बाजारात माणसाला ठसका लागतो, पण कोंबडीला तिथं सोडलं तर ती खुशाल दाणे टिपत बसेल. मिरचीतलं कॅप्सायसिन आपल्या जिभेवरच्या उष्णता ओळखणाऱ्या प्रथिनाला चेतवतं, म्हणून तोंड भाजल्यासारखं वाटतं. कोंबडीकडेही ते प्रथिन आहे, त्याला खरी उष्णता कळते, पण कॅप्सायसिनची त्याला दादच नाही. डेव्हिड ज्युलियस आणि स्वेन-एरिक जॉर्ट यांनी 2002 साली यामागची रेणूपातळीवरची गोम दाखवली. ज्युलियस यांना पुढे 2021चं नोबेल मिळालं ते याच प्रथिनाच्या शोधाबद्दल. यात मिरचीचाही स्वार्थ आहे: आपण बी चावून टाकतो, पक्षी गिळतात आणि लांब नेऊन टाकतात.

गोडाचंही तेच. गोड ओळखायला लागणारं एक जनुक कोंबडीकडे नाहीच. थोडक्यात, मसाल्याची खरी कामगिरी तिच्या तोंडात नसून आतड्यात आहे.

सुरुवात झाली नाताळात

कोंबडीला मसाला आठवला कुणाला आणि का? त्याचं उत्तर अँटिबायोटिकमध्ये आहे. 1948च्या नाताळात अमेरिकेतल्या लेडर्ले कंपनीच्या प्रयोगशाळेत थॉमस ज्यूक्स पिल्लांची वजनं करत होते. ऑरिओमायसिन हे अँटिबायोटिक काढून घेतल्यावर उरलेला चोथा त्यांनी आणि रॉबर्ट स्टोकस्टॅड यांनी ब जीवनसत्त्वासाठी पिल्लांना चारून पाहिला होता. पिल्लं भलतीच फोफावली, आणि ती किमया जीवनसत्त्वाची नव्हती, चोथ्यात उरलेल्या औषधाची होती! पुढची कित्येक दशकं जगभर खाद्यात चिमूट-चिमूट अँटिबायोटिक पडत राहिलं आणि जंतू त्याला सरावत गेले. स्वीडनने 1986 मध्ये वाढीसाठीचा हा वापर बंद केला, युरोपीय संघाने 1 जानेवारी 2006 पासून. आपल्याकडे 2019 मध्ये पशुपालनात कोलिस्टिन या अँटिबायोटिकवर बंदी आली. रिकाम्या झालेल्या त्या जागेवर मसाल्याचे डबे येऊन बसले.

आजीचा ओवा, जर्मनीचा थायमॉल

या डब्यांतला आपला हुकमी एक्का म्हणजे ओवा. ओव्याच्या तेलात साधारण निम्मा भाग थायमॉलचा. ओरेगॅनोतला कार्व्हाक्रॉल हा त्याचा सख्खा भाऊ. दोघांचं रासायनिक सूत्र एकच, फक्त एक टोक वेगळ्या जागी जोडलेलं. दोघंही जंतूच्या बाहेरच्या पापुद्र्याला भोकं पाडतात, आतला माल गळून जातो आणि जंतू आटोपतो. आतड्याला जखमा करणारा क्लॉस्ट्रिडियम प्रयोगशाळेतल्या बशीत यांच्यापुढे नांगी टाकतो. बशीत, हे लक्षात ठेवा. कोंबडीच्या पोटात गणित इतकं सरळ नसतं.

पहिल्या महायुद्धापूर्वी हिंदुस्थानातला ओवा जहाजं भरभरून जर्मनीला जायचा आणि थायमॉल तिथं काढलं जायचं. अंकुशकृमीवरचं ते त्या काळचं नावाजलेलं औषध. म्हणजे पोटदुखीवर ओवा फाकायला लावणाऱ्या आजीचं फारसं चुकत नव्हतं.

आता ‘मग पोतंभर ओवाच टाकू की खाद्यात’ म्हणणाऱ्यांसाठी हिशेब. ओव्यात तेल धरा तीन टक्के, त्यात निम्मं थायमॉल. म्हणजे किलोभर ओव्यातून 15 ग्रॅम. टनाला 100 ग्रॅम थायमॉल हवं तर पावणेसात किलोच्या आसपास ओवा लागला. पण ओव्यातलं तेल जमिनीगणिक, हंगामागणिक बदलतं, जुन्या पोत्यातलं तर उडूनही गेलेलं असतं. म्हणून कारखानदार मोजलेला अर्क पसंत करतात. मला हे पटतं. अंदाजपंचे मसाला आमटीला चालतो, पाच हजार पक्ष्यांच्या शेडला नाही.

वास आला म्हणजे माल गेला

गोळी खाद्य बनवताना वाफेने ते 70 ते 90 अंशांपर्यंत तापतं. सुगंधी तेलाचा स्वभावच उडून जाण्याचा. कारखान्याबाहेर ओव्याचा घमघमाट सुटला तर समजा, पैसे हवेत चाललेत. शिवाय पोटात गेलेलं तेल आतड्याच्या सुरुवातीलाच शोषलं जातं, आणि जंतूंचा खरा अड्डा पुढे असतो. यावर तोड म्हणजे चरबीचं किंवा स्टार्चचं कवच. बारीक दाण्यात कोंडलेलं तेल गिरणीत टिकतं आणि पुढे आतड्यात हळूहळू सुटतं.

निलगिरी आणि पुदिन्याच्या मेंथॉलची तऱ्हा वेगळी. ती पाण्यातून देतात किंवा शेडमध्ये फवारतात, पक्ष्यांचा श्वास मोकळा राहावा म्हणून. माणसाचा बाम, कोंबडीची फवारणी!

 

जादू नाही बरं का

प्रयोगांचे निकाल एका सुरात बोलत नाहीत. कुठे वजन वाढतं, कुठे फक्त एफसीआर (किलोभर वजनासाठी किती खाद्य लागलं तो हिशेब) सुधारतो, कुठे काहीच नाही. एक गोष्ट मात्र पुन्हा पुन्हा दिसते: स्वच्छ शेडमधल्या निरोगी पिल्लांत फरक जेमतेम, कोंदट आणि गर्दीच्या शेडमध्ये जास्त. ओल्या तुसावर आणि अमोनियाच्या वासावर ओव्याचा उतारा शोधू नका. आधी तूस बदला, पडदे वर करा. आणि बाटलीतलं शुद्ध तेल पाण्याच्या टाकीत ओतू नका. तेल पाण्यात मिसळत नाही, वर तरंगतं आणि एखाद्या पक्ष्याच्या वाट्याला भलताच डोस येतो.

विक्रेता दारात आला की तीन प्रश्न विचारा: किलोत थायमॉल किती ग्रॅम, कवच कशाचं, माल कधीचा? उत्तरं मिळाली तर पुढच्या बॅचला शेडमध्ये जाळी लावून अर्ध्या पक्ष्यांना द्या, अर्ध्यांना देऊ नका. दोन्हीकडचं खाद्य, वजन आणि मरतूक वेगवेगळ्या वहीत लिहा, मगच पुढची ऑर्डर द्या.