मैद्याची पारी, वाफेचं काम

यवतमाळसारख्या शहरात आता मोमोची गाडी नवलाची राहिलेली नाही. ॲल्युमिनियमच्या तीनमजली पात्राचं झाकण उघडलं की कॉलेजची पोरं भोवती गोळा होतात. लाल चटणी, थोडं मेयोनेज, आणि पाच मिनिटांत प्लेट रिकामी. हाच पदार्थ घरी करायचा म्हटलं की मात्र गृहिणी जरा बिचकतात. पारी फाटेल, सारण गळेल, तळाला चिकटेल, अशा शंका येतात. खरं तर नागपंचमीला पुरणाची दिंडं करणाऱ्या घरात यातलं निम्मं कौशल्य आधीपासून असतं. त्या दिवशी चिरायचं नाही, तळायचं नाही, तवा चढवायचा नाही, म्हणून कणकेच्या पारीत पुरण भरून ते वाफवायचं. पुरणाच्या जागी भाजी किंवा खिमा आला आणि कणकेच्या जागी मैदा, की आपण चिनी डंपलिंगच्या अगदी जवळ पोचतो.

उत्तर चीन हा गव्हाचा प्रदेश. तिथे या पदार्थाला जियाओझी म्हणतात. तो किती जुना आहे, याचा पुरावा शिनजियांगमधल्या तुर्फानजवळ अस्ताना इथल्या कबरींत मिळाला. तांग राजवटीच्या काळातली, म्हणजे हजार वर्षांहून जुनी, अर्धचंद्राकृती डंपलिंग तिथल्या कोरड्या हवेत वाळून आकारासकट टिकून राहिली. चीनमध्ये एक आख्यायिकाही सांगतात. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकाच्या सुमाराचे वैद्य चांग चोंगचिंग यांनी थंडीने कान सुजलेल्या गरिबांना मटण आणि औषधी मसाले भरलेल्या कानाच्या आकाराच्या पुऱ्या उकळून दिल्या, अशी ती कथा. आजही चिनी नववर्षाच्या आदल्या रात्री उत्तर चीनमधली कुटुंबं एकत्र बसून जियाओझी करतात. एकजण लाट्या करतो, दुसरा लाटतो, बाकीचे भरतात. दिवाळीच्या करंज्यांना आपल्याकडे अशीच पंगत बसते.

विदर्भाशी या पदार्थाचं नातं तिबेटमार्गेही जुळलेलं आहे. मोमो हे जियाओझीचं हिमालयातलं भावंड. १९५९ नंतर तिबेटी निर्वासित भारतात आले आणि त्यांच्या वसाहतींबरोबर मोमोही देशभर पसरला. अशीच एक वसाहत विदर्भात आहे. गोंदिया जिल्ह्यात अर्जुनी मोरगाव तालुक्यातल्या गोठणगावजवळची नोर्गेलिंग ही वसाहत १९७२ मध्ये उभी राहिली. डोंगरात मटणाचा किंवा याकच्या मांसाचा असणारा मोमो भारतातल्या शहरांत आला आणि त्यात पत्ताकोबी, गाजर, पनीर शिरलं.

आता घरच्या ओट्याकडे वळू. यातली पहिली गोष्ट पाणी. मैदा गार पाण्यात मळला तर त्यातली प्रथिनं एकमेकांना धरून ग्लूटेनचं चिवट जाळं तयार करतात. उकळत्या पाण्यात सोडायच्या जियाओझीला हा चिवटपणा हवा असतो, नाहीतर ती फुटतात. वाफवायच्या डंपलिंगला चिनी स्वयंपाकी कढत पाणी वापरतात. त्याने पिठातला स्टार्च फुगून जास्त पाणी धरतो, ग्लूटेनचं जाळं कमी बनतं आणि वाफेवर पारी मऊ राहते. मोदकासाठी तांदळाची उकड काढताना कढत पाणी याच स्टार्चसाठी लागतं. तांदळात ग्लूटेन नसल्यामुळे तिथे पीठ बांधून ठेवायचं सगळं काम उकडीवरच असतं.

पाव किलो मैद्याला अर्धा चमचा मीठ आणि साधारण १२५ ते १४० मिलिलिटर कढत पाणी लागतं. पाणी थोडं थोडं घालत चमच्याने ढवळावं, हाताला सोसेल इतकं निवलं की मळावं आणि ओल्या फडक्याखाली अर्धा तास ठेवावं. गोळा कानाच्या पाळीइतका मऊ झाला की समजावं, जमलं. मैदा नको असेल तर निम्मी कणीक चालते. कोंड्यामुळे तिला थोडं जास्त पाणी आणि जास्त वेळ मुरणं लागतं, आणि पारी जरा जाड ठेवावी लागते.

सारण बिघडतं ते बहुधा पाण्यामुळे. पाव किलो पत्ताकोबी अगदी बारीक चिरून मीठ लावून पंधरा मिनिटं ठेवावी आणि फडक्यात घट्ट पिळावी. निघालेलं पाणी वरणात जाऊ शकतं. मग किसलेलं गाजर, कांदा, आलं, लसूण, मिरेपूड आणि चमचाभर तेल घालावं. तेलाचा हात लागला की भाजीला पुन्हा पाणी कमी सुटतं. सोयाबीन तर यवतमाळ जिल्ह्याच्या शेतातलं पीक. सोया वड्या भिजवून, पिळून, मिक्सरमधून काढल्या की खिम्याची जागा चांगली घेतात. चिकनच्या खिम्याची रीत मात्र उलटी: त्यात मीठ आणि दोन-तीन चमचे गार पाणी घालून एकाच दिशेने ढवळायचं. मिठाने मांसातली प्रथिनं मोकळी होऊन ते पाणी धरून ठेवतात आणि खिमा चिकट, रसरशीत होतो.

लिंबापेक्षा लहान लाट्या कराव्यात. इतक्या पिठात पंचवीसेक होतात. प्रत्येक पारी सुमारे आठ सेंटिमीटरची, मधे किंचित जाड आणि कडेला पातळ लाटावी, कारण कळ्या पाडल्यावर कडेला पिठाचे दोन-तीन थर येतात. चमचाभर सारण ठेवून अर्धचंद्र करावा आणि एका बाजूने कळ्या घालत मिटावा. करंजीची मुरड येणाऱ्या हाताला हे लगेच जमतं. कडेला सारणाचं तेल लागलं तर पारी मिटत नाही, तेवढं जपावं.

बांबूचं पात्र नसलं तरी अडत नाही. मोदकपात्र, इडलीपात्र किंवा पातेल्यावर ठेवलेली चाळणी पुरते. तळाशी पत्ताकोबीचं पान घालावं किंवा तेलाचा हात फिरवावा. बांबूचं झाकण वाफ शोषून घेतं. स्टीलच्या झाकणावरून मात्र पाण्याचे थेंब पडून पारी चिकट होते, म्हणून झाकणाला फडकं बांधावं. पाणी खळखळून उकळल्याशिवाय पात्र चढवू नये. एक ग्रॅम वाफ गार पारीला लागून तिचं पाणी होतं तेव्हा सुमारे ५४० कॅलरी उष्णता सोडते, त्यामुळे जोरदार वाफेत पारी झटकन शिजते. मंद वाफेत ती नुसती भिजत राहते. भाजीच्या डंपलिंगला आठ-दहा मिनिटं, चिकनच्या बारा मिनिटं पुरतात. पारी चकचकीत, किंचित पारदर्शक दिसली की उतरवावं.

तोंडी लावायला चीनमध्ये सोया सॉस आणि काळं व्हिनेगर घेतात. वऱ्हाडी घरात लाल मिरचीचा ठेचा व्हिनेगरच्या चार थेंबांनी सैल केला तरी छान लागतो. आणि सगळी एकदम खायची नसतील तर कच्चीच, एकमेकांना न चिकटतील अशी ताटात मांडून फ्रीझरमध्ये गोठवावीत आणि मग डब्यात भरावीत. वाफवताना ती वितळू न देता थेट पात्रात ठेवावीत आणि दोन-तीन मिनिटं जास्त द्यावीत. वितळली तर पारीला पाणी सुटतं आणि ती तळाला चिकटते.