भरतकामाला 'कला' कधी म्हणायचं? फिलिपिन्समध्ये सुईनेच दिलेलं उत्तर

अननस आपण खातो आणि पानं फेकून देतो. फिलिपिन्सच्या अकलान प्रांतात त्याच पानांपासून कापड बनतं. फुटक्या बशीच्या कडेने पान खरवडायचं, आतले केसासारखे तंतू काढायचे, ते एकेक गाठ मारून जोडायचे आणि हातमागावर विणायचे. या कापडाचं नाव 'पिन्या'. २०२३ मध्ये अकलानचं हे विणकाम युनेस्कोच्या वारसा यादीत आलं.

पण इथे विषय आहे त्यावरच्या भरतकामाचा. लागुना प्रांतातलं लुंबान गाव त्यासाठी प्रसिद्ध आहे. तिथल्या 'कालादो' प्रकारात आधी कापडातले धागे मोजून उपसतात आणि उरलेल्या धाग्यांना टाके घालून जाळी बनवतात. एक धागा चुकीचा उपसला की संपलंच! फिलिपिनो पुरुष लग्नकार्यात जो झिरझिरीत 'बारोंग' सदरा घालतात, त्याची शोभा या कामातून येते.

स्पॅनिश राजवटीत जोगिणींनी मुलींना भरतकाम शिकवलं. पुढे अमेरिकन राजवटीत ते शाळेत आलं आणि बाळांची झबली, बायकांचे कपडे भरून अमेरिकेला जाऊ लागले. माल परदेशी पोचला, पण भरणाऱ्या बायकांची नावं मागेच राहिली. १८८४ मध्ये माद्रिदला सुवर्णपदक मिळवणारा चित्रकार हुआन लुना आजही देशाला ठाऊक आहे. त्याच्या काळातली एखादी भरतकाम करणारी बाई कुणाला आठवते?

ही चौकट मोडणारं मोठं नाव म्हणजे पासिता आबाद. मार्कोस यांच्याविरुद्धच्या आंदोलनात उतरल्यावर १९७० मध्ये तिने देश सोडला. रंगवलेल्या कॅनव्हासमागे भराव घालून ती तो गोधडीसारखा टाचायची आणि वर मणी, शिंपले, आरसे शिवायची. विषय मात्र शोभेचे नव्हते. परक्या देशात राबणारी माणसं आणि निर्वासित त्यात दिसतात. २००४ मध्ये ती गेली. अमेरिकेतलं तिचं मोठं सिंहावलोकनी प्रदर्शन भरलं ते २०२३ मध्ये, म्हणजे जवळपास दोन दशकं उशिरा.

राफी नापायची गोष्ट वेगळी. तैलरंगांचा त्याला त्रास व्हायचा आणि आई शिवणकाम करायची. त्याने रंग सोडून दोरा धरला.

आजच्या पिढीतला सियान दायरित तर कापडावर नकाशे भरून घेतो. जुने वसाहतकालीन नकाशे जमीन राजाची किंवा कंपनीची दाखवायचे. दायरित शेतकरी आणि आदिवासी यांच्यासोबत बसतो, त्यांच्या जमिनी कुणी घेतल्या हे त्यांच्याकडूनच काढून घेतो आणि ते नकाशावर आणतो. कागदाचा नकाशा सरकारी वाटतो, टाके घातलेला नकाशा कुणाच्या तरी घरचा वाटतो. हेच त्याचं बळ आहे.

आणखी एक गोष्ट मला त्याहून महत्त्वाची वाटते. त्याच्या कलाकृतींच्या माहितीत भरतकाम करणाऱ्या सहकाऱ्याचंही नाव छापलेलं असतं. लुंबानमधून शहरातल्या दुकानात येणाऱ्या सदऱ्यावर ते अजून नसतं.